टाकी क्रमांक चौदामधील आदर्श पिता

बापाची योग्यता तो किती वेळ तोंड बंद ठेवू शकतो यावरून ठरते. हे मत माझं नाही. स्वतःचं मत बाळगण्याइतका माझा हुद्दा नाही. हे आमच्या मत्स्यालयाच्या संचालक साहेबांचं मत असून ते त्यांनी पंचेचाळीस मिनिटांच्या भाषणात मांडलेलं आहे. भाषणाची प्रत कार्यालयात उपलब्ध आहे. मागायला अद्याप कुणी आलेलं नाही.

मी या मत्स्यालयाचा मुख्य लिपिक. सगळे मला भाऊसाहेब म्हणतात. सोळा वर्षांत मी माशांच्या हजारभर फायली हाताळल्या, मासे मात्र त्या मानाने फार कमी पाहिले. मासे तळमजल्यावर असतात, फायली पहिल्या मजल्यावर. मधला जिना ओला असतो, असं कारण मी सांगत असे. जिना खरोखरच ओला असतो.

तळमजल्यावर तिसऱ्या दालनात प्रवाळातले मासे आहेत. तिथल्या सगळ्या टाक्या एक बाई सांभाळतात. हजेरीपटावर त्यांचं पूर्ण नाव आहे, पण सगळे त्यांना पाणीबाईच म्हणतात. एकवीस वर्षं त्या हेच काम करताहेत. पाणी किती खारट आहे हे त्या बोट बुडवून, जिभेला लावून सांगतात, आणि मग नियमाप्रमाणे यंत्रानेही मोजतात. दोन्ही आकडे जुळले नाहीत तर यंत्र दुरुस्तीला जातं.

एका सोमवारी त्यांच्या नोंदवहीमुळे पंचाईत झाली. या नोंदवहीत प्रत्येक माशापुढे तीन रकाने असतात: ‘खाल्लं’, ‘खाल्लं नाही’ आणि ‘मेला’. मत्स्यजीवनाच्या सर्व शक्यता यात येतात असं आजवर आम्ही धरून चाललो होतो. पाणीबाईंनी तिन्ही रकाने ओलांडून आडवं लिहिलं होतं: “टाकी १४, नर. खात नाही. तोंडात अंडी आहेत. महिनाभर खाणार नाही. काच वाजवू नये.”

सलग तीन दिवस न खाणाऱ्या माशासाठी वैद्यकीय दाखला लागतो. तो जोडलेला नव्हता. म्हणून मला जिना उतरावा लागला.

बाई टाकीच्या काचेवरचं शेवाळ खरवडत होत्या. आत दोन मासे होते, बोटभर लांबीचे, चंदेरी, अंगावर काळे पट्टे. एक पुढे पोहत होता. दुसरा मागे, लांब काळ्या काट्यांचा एक गोल समुद्री जीव असतो (बाई त्याला काटेरी चेंडू म्हणतात), त्याच्या काट्यांत शिरून स्तब्ध उभा होता. बाईंनी हातातलं काम न थांबवता समजावून सांगितलं. या जातीत मादी अंडी घालते आणि नर ती तोंडात घेतो. वीस दिवसांनी पिल्लं फुटतात, पण तो त्यांना लगेच सोडत नाही. आणखी नऊ-दहा दिवस तोंडातच ठेवतो. तेवढ्या काळात तो घास घेत नाही. मधूनच जबडा जरासा उघडून अंडी घोळवतो, त्यांना हवा लागावी म्हणून. अकरा नंबरच्या टाकीतला बाप अंड्यांना परांनी वारा घालत बसतो, आणि नऊ नंबरचा तर अंडी असली की बाईंच्या हाताला चावतो.

मी आईबद्दल विचारलं.

“ती बाहेर असते. खाते, पिते, पुढच्या अंड्यांची तयारी करते,” बाई म्हणाल्या. “दोघांपैकी एकाने तरी जेवायला नको का?”

मी वर आलो आणि शेरा मारला: ‘अन्नत्याग (कौटुंबिक कारणास्तव)’. दाखल्याची गरज उरली नाही.

हा शेरा संचालक साहेबांच्या नजरेस पडला. त्या सुमारास प्रेक्षक घटत होते आणि साहेब काहीतरी भव्य शोधत होते. साहेब स्वतः दोन मुलांचे वडील आहेत. दोघांनाही लहानपणीच वसतिगृहात ठेवून त्यांच्या संगोपनाचा प्रश्न त्यांनी एकहाती सोडवला होता, त्यामुळे या विषयाकडे ते त्रयस्थपणे पाहू शकत. त्यांनी त्याच दिवशी ‘पितृत्व पंधरवडा’ जाहीर केला आणि सात जणांची समिती नेमली. टिपण घेणारा कुणीतरी हवा म्हणून सातवा मी होतो.

समितीचे सातही सदस्य पुरुष होते, कारण विषय पित्याचा होता. सातांत मिळून अकरा मुलं होती (एका सदस्याला मूल नव्हतं, पण समित्यांचा दांडगा अनुभव होता). सदस्यत्वाच्या अर्जात मुलांच्या जन्मतारखा लिहायच्या होत्या. चार सदस्यांनी घरी फोन लावला. एकाने ‘उन्हाळ्यात’ असं लिहिलं. मी मात्र मुलीची तारीख तोंडपाठ लिहून टाकली आणि सगळ्यांनी माझ्याकडे आदराने पाहिलं. ती तारीख आमच्या विम्याच्या पॉलिसीची होती, हे पुढे घरी कळलं.

समितीने टाकीवर फलक लावला: ‘आदर्श पिता. अन्न नाही, विश्रांती नाही, तक्रार नाही.’ वर्तमानपत्रात बातमी आली आणि लोकांची रीघ लागली. पहिल्या आठवड्यात एक हजार एकशे चाळीस वडील येऊन गेले. पैकी नऊशे बासष्ट जणांबरोबर मुलं होती. त्यांतल्या नऊशे चाळीस जणांची मुलं आईच्या कडेवर किंवा हाताला होती, एकोणीस जणांची आजीजवळ, आणि तिघांची हरवली होती (तिन्ही सापडली, आयांना). उरलेले एकशे अठ्ठ्याहत्तर वडील एकटेच आले होते, कारण मुलं बरोबर असली की असं काही निवांत बघता येत नाही.

वडील मंडळी टाकीसमोर उभी राहत, फलक मोठ्याने वाचत आणि बायकोकडे अशा नजरेने बघत की जणू मासा त्यांच्याच खात्यात काम करतो. मग फोटो. मासा काचेकडे वळावा म्हणून बोटाने, किल्लीने किंवा अंगठीने काच वाजवली जाई. एका गृहस्थांनी तर नवा फोन वाजवला. त्यांचं म्हणणं असं की आपण बाप आहोत हे माशाला कळलं पाहिजे.

पाणीबाईंनी अर्ज दिला. गर्दी कमी करावी, दिवे मंद करावेत, काच वाजवणं बंद करावं. अर्ज चार ओळींचा असल्यामुळे तो गंभीर वाटेना. साहेबांनी त्यांना वर आपल्या दालनात बोलावलं. टिपण घ्यायला मी होतो.

“हा घाबरला तर गिळतो, साहेब,” बाई म्हणाल्या.

साहेबांनी काय गिळतो असं विचारलं.

“पोरं.”

साहेबांनी पेन खाली ठेवलं. आदर्श पिता असं करणार नाही, असं त्यांनी शांतपणे सांगितलं.

“आपण आदर्श आहोत हे त्याला ठाऊक नाही,” बाई म्हणाल्या.

या मुद्द्यात तथ्य असल्याचं साहेबांनी मान्य केलं. त्यांनी मला तिथल्या तिथे तोंडी आदेश दिला की फलकाची एक प्रत माशाला दिसेल अशी काचेच्या आतल्या बाजूलाही लावावी. ती त्याच दुपारी लावण्यात आली. अक्षर मोठं ठेवलं होतं.

पंधरवड्याच्या शेवटच्या दिवशी सत्कार समारंभ ठरला. प्रमुख पाहुणे म्हणून पालकत्वावरचे एक नामवंत व्याख्याते मिळाले. ‘मुलांना वेळ द्या’ या विषयावर ते वर्षातले तीनशे दिवस गावोगाव बोलतात, आणि उरलेले पासष्ट दिवस त्याच विषयावरच्या पुस्तकासाठी राखून ठेवतात. त्यांनी होकार देताना दोन अटी घातल्या. एक, माशाच्या अन्नत्यागाची सांगता त्यांच्या हातच्या घासाने व्हावी. दोन, त्यानंतर माशाचं तोंड उघडून अंडी छायाचित्रकारांना दाखवावीत. लोकांना त्याग डोळ्यांनी पाहायला आवडतो, असं त्यांनी पत्रात लिहिलं होतं.

समितीने दोन्ही अटी एकमताने मंजूर केल्या. ठरावाचा मसुदा माझा होता. ‘मासा जाळीने बाहेर घ्यावा, काचेच्या कांडीने तोंड उघडावं, छायाचित्रं पूर्ण झाल्यावर तोंड पूर्ववत बंद करावं, आणि या काळात पितृत्वात खंड पडणार नाही याची दक्षता तिसऱ्या दालनाने घ्यावी.’ वाक्यरचनेबद्दल साहेबांनी माझी पाठ थोपटली.

बाईंनी हे काम करायला नकार दिला. लेखी नकार दिला, तोही दोन ओळींत. तेव्हा त्यांच्या नावे ‘कारणे दाखवा’ नोटीस काढावी लागली. अशी नोटीस सेवापुस्तकात चिकटली की माणसाला हवं तिथे हलवता येतं, आणि कासवांच्या विभागात एक जागा बरेच दिवस रिकामी होती. निवृत्तीला चार वर्षं उरलेल्या माणसाने शहाणपणाने वागावं, असं मला वाटलं. नोटिशीचा मसुदाही माझाच होता.

समारंभाच्या तीन दिवस आधी, दुपारच्या सुट्टीत दालन बंद असताना, मी नोटीस घेऊन खाली गेलो. पोचपावतीवर बाईंची सही हवी होती. त्या टाकी चौदापाशी कोपरापर्यंत हात बुडवून उभ्या होत्या. हातात प्लास्टिकचा पारदर्शक जग होता आणि तो त्या काटेरी चेंडूच्या दिशेने इतक्या हळू सरकवत होत्या की हात हलतोय की नाही ते कळू नये.

मी सहीचं बोललो.

“हात ओले आहेत,” त्या म्हणाल्या. “ती बादली धरा. वर धरा, टाकीच्या कडेला लावून. हलवू नका.”

मी बादली धरली. कार्यालयीन कामात कुणी काही धरायला सांगितलं तर कशासाठी हे विचारण्याची मला सवय नाही. बादलीत टाकीचंच पाणी होतं. ती जड होती, आणि नोटीस ठेवायला जागा नसल्यामुळे मी ती बादलीच्या बुडाशी तळहातावर धरली होती.

पंचवीस मिनिटं गेली. माझ्या खिशातला फोन वाजला आणि थांबला, मग पुन्हा वाजला. घरून असणार हे मला आवाजावरून कळतं. दोन्ही हात गुंतलेले होते, त्यामुळे मला तो घेता आला नाही. खरं सांगायचं तर हात मोकळे असते तरी मी काय केलं असतं हे मला माहीत आहे. मी म्हणालो असतो की मीटिंगमध्ये आहे.

बाई मात्र पाण्याकडे बघत हळू आवाजात बोलत होत्या. माझ्याशी की माशाशी ते नीट कळत नव्हतं. त्यांना तीन मुलं. पहिली आठ वर्षं त्या उभ्यानेच जेवल्या. एका हातात ताट, दुसऱ्या हाताला कुणीतरी. आता मुलं मोठी झाली, आपापल्या घरी गेली.

“आता बसून जेवले की पचत नाही,” त्या म्हणाल्या.

मासा जगमध्ये शिरला. त्याला पाण्याबाहेर न काढता तो भरलेला जग त्यांनी बादलीत बुडवला आणि अलगद तिरका केला. तेव्हा मी त्याला पहिल्यांदा जवळून पाहिलं. पोट आत गेलं होतं, डोळ्यांमागची हाडं दिसत होती, आणि खालचा जबडा पिशवीसारखा फुगला होता. त्याने जबडा किंचित उघडला. आत नारिंगी मण्यांसारखं काहीतरी दाटीवाटीने भरलं होतं. ते सगळं एकदा घोळलं, आणि तोंड पुन्हा मिटलं.

बादली घेऊन आम्ही मागच्या खोलीत गेलो. तिथे बाईंनी एक टाकी तयार ठेवली होती. दिवा नाही, फलक नाही, काचेला जुनी चादर गुंडाळलेली, आणि आत दुसरा एक काटेरी चेंडू. मासा त्याच्या काट्यांत शिरला आणि दिसेनासा झाला.

पुढच्या टाकीतून आदर्श पिताच नाहीसा झाला तर समारंभाचं काय, असं मी विचारलं.

“तिथे एक मासा आहे की,” बाई म्हणाल्या.

“ती आई आहे.”

“रोज फोटो तिचेच निघतात, भाऊसाहेब. तो काट्यांतून बाहेर येतो कुठे?”

हे खरं होतं. पंधरवडाभर शेकडो वडिलांनी आदर्श पिता म्हणून जिच्याबरोबर फोटो काढले होते ती पुढे पोहणारी, पोटभर जेवलेली आई होती. दोनाचा एक मासा झाला हे पुढच्या तीन दिवसांत कुणाच्याही लक्षात आलं नाही. समितीने तर समारंभापूर्वी टाकीची पाहणी करून ‘पिता तंदुरुस्त’ असा अहवालही दिला.

नोटिशीचं सांगायचं राहिलं. बादलीचं पाणी बुडावरून ओघळून तिचा लगदा झाला होता. वाचता न येणारा कागद बजावता येत नाही. नवी प्रत काढायला साहेबांची नवी सही लागते, आणि साहेब समारंभाच्या गडबडीत होते. समारंभानंतर ती फाईल मी कुठे ठेवली हे मला आठवत नाही. सोळा वर्षांत माझ्या हातून गहाळ झालेली ही एकमेव फाईल आहे, आणि त्याबद्दल मला खेद आहे असं मी लेखी दिलेलं आहे.

समारंभाला दालन गच्च भरलं. साहेब पंचेचाळीस मिनिटं बोलले. व्याख्याते एक तास दहा मिनिटं बोलले. विषय ‘पित्याचं मौन’ हा होता. मग ते टाकीच्या शिडीवर चढले, कोळंबीचा बारीक तुकडा चिमटीत धरला आणि छायाचित्रकार सज्ज झाल्यावर पाण्यात सोडला. एकोणीस दिवस अन्न वर्ज्य केलेला पिता घास घ्यायला तयार होईल का, अशी सगळ्यांना उत्कंठा होती.

तुकडा बुडायच्या आत माशाने तो गट्टम केला. मग तोंड उघडून दुसऱ्याची वाट पाहू लागला. प्रखर दिव्यात तोंड पार आतपर्यंत दिसत होतं. त्यात काहीही नव्हतं.

मागच्या रांगेतल्या, कडेवर बाळ असलेल्या एका बाईंनी सगळ्यांच्या मनातलं विचारलं.

“पिल्लं कुठे गेली?”

साहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. त्यांनी पाणीबाईंकडे पाहिलं. बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी टिपण घेत होतो.

वेळ निभावून नेली ती व्याख्यात्यांनी. मोठा माणूस उगाच मोठा होत नाही. ते शिडीवरूनच म्हणाले की आज या पित्याने आपल्या मुलांना मुक्त केलं आहे. मुलं दिसत नाहीत, कारण ती स्वतंत्र झाली आहेत. स्वतंत्र झालेली मुलं बापाला दिसत नसतात. यावर आधी एका कोपऱ्यातून आणि मग सबंध दालनातून टाळ्या सुरू झाल्या. पहिल्या रांगेतल्या कित्येक वडिलांनी डोळे पुसले. साहेबांनी काचेच्या चौकटीतलं मानपत्र टाकीवर ठेवलं. आई ते पाहायला पुढे आली; कदाचित तेही खायचं असेल असं तिला वाटलं असावं.

तरीही चौकशी झाली, कारण एका वार्ताहराने ‘आदर्श पित्याने पोरं खाल्ली?’ असा मथळा दिला होता. मथळ्यात प्रश्नचिन्ह होतं, म्हणजे उत्तर देणं आलं. त्रिसदस्यीय समितीने पाणीबाईंना एकवीस प्रश्न विचारले आणि त्यांनी प्रत्येक प्रश्नाचं खरं उत्तर दिलं. टाकी चौदाच्या माशाला रोज खायला दिलं का? दिलं. त्याने खाल्लं का? खाल्लं. तसं नोंदवलं का? नोंदवलं. नोंदवही मागवण्यात आली. तीन दिवस तिच्यात स्पष्ट लिहिलं होतं: ‘टाकी १४, मादी. खाल्लं.’ समितीने ही लेखनातली चूक समजून लाल शाईने ‘मादी’ खोडलं, ‘नर’ केलं आणि तिन्ही ठिकाणी सही केली. बाप कुठे आहे, हा प्रश्न एकवीस प्रश्नांत नव्हता.

अहवाल ‘पिल्लांची परिस्थिती समाधानकारक, परंतु अज्ञात’ असा निघाला.

एकोणतिसाव्या दिवशी सकाळी बाई स्वतः जिना चढून वर आल्या. एकवीस वर्षांत त्या तीनदाच वर आल्या होत्या, त्यातली एक वेळ रुजू होण्याची. त्या काही बोलल्या नाहीत, नुसती मान हलवून चला म्हणाल्या.

मागच्या खोलीत चादर थोडी वर केलेली होती. काटेरी चेंडूच्या काट्यांमध्ये नखाएवढे मासे थरथरत होते. अंगावर तेच काळे पट्टे, जसेच्या तसे, फक्त लहान. बाप त्यांच्यापासून हातभर दूर होता. त्याचा जबडा रिकामा होऊन लोंबल्यासारखा दिसत होता. बाईंनी कोळंबीचा चुरा बोटांवर घेऊन पाण्यात धरला. तो बराच वेळ बघत राहिला. मग पुढे येऊन त्याने एक कण तोंडात घेतला, बाहेर टाकला, पुन्हा घेतला. तोंडात येणारी वस्तू गिळायची की सांभाळायची, हे बहुधा त्याला ठरवता येत नव्हतं. तिसऱ्या खेपेला त्याने गिळलं.

आम्ही पिल्लं मोजली. अडतीस. मी दोनदा मोजली. बाईंनी एकदाच मोजून बरोबर सांगितली होती, पण मला मोजत राहायचं होतं.

साहेबांना कळवणं भाग होतं. नोंदवहीत बाईंनी लिहिलं, ‘मागची खोली. पिल्लं ३८. वडील आहेत.’ साहेब आले आणि त्यांनी पाहिलं. क्षणभर वाटलं की आता सगळं बाहेर पडणार. पण साहेब दहा हत्तींच्या बळाने विचार करतात. मुक्त झालेली पिल्लं पाण्याच्या नळीतून स्वतःच्या हिमतीवर मागच्या खोलीपर्यंत आली, आणि तिथे त्यांना एका अनोळखी, कृश माशाने आसरा दिला, हे त्यांनी जागच्या जागी ओळखलं. व्याख्यात्यांचं म्हणणं अक्षरशः खरं ठरलं होतं. तसा नवा फलक लागला. कृश माशालाही ‘परोपकारी शेजारी’ असं उत्तेजनार्थ प्रशस्तिपत्रक मिळालं. त्या वर्षी साहेबांना खात्याचा पुरस्कार मिळाला, आणि बाईंना पिल्लांच्या नोंदी ठेवण्याचं, आठवड्याला वाढीव नऊ तासांचं काम. कासवांकडे त्यांना कुणी पाठवलं नाही, कारण तसं पाठवायचं कारण दाखवणारा कागदच सापडेना.

मी रोज जेवणाच्या सुट्टीत खाली जाऊ लागलो. बाई उभ्याने डबा खातात. मीही उभ्याने खाऊन पाहिलं. पहिल्या दिवशी आमटी शर्टावर सांडली.

त्याच आठवड्यात एका संध्याकाळी मी घरी मुलीला तिच्या वर्गशिक्षिकांचं नाव विचारलं. तिने सांगितलं. मग वर्गात तिच्या शेजारी कोण बसतं ते विचारलं. तेही तिने सांगितलं, पण जरा मागे सरकून. मग मी वाढदिवसाची तारीख विचारल्यावर तिने आईला हाक मारून सांगितलं की बाबांना काहीतरी होतंय. बायको हात पुसत बाहेर आली आणि तिने माझ्या कपाळाला हात लावला. ताप नव्हता. तरी तिने हात बराच वेळ तसाच ठेवला. बादलीच्या दिवशी दोनदा फोन का केला होता, हे मी तिला तेव्हा विचारलं. मुलीचा दात पडला होता, म्हणाली. तिला ते आधी मला सांगायचं होतं.

साहेबांच्या आदेशावरून हा वृत्तान्त मी मत्स्यालयाच्या माहितीपुस्तिकेसाठी लिहिला आहे. मजकूर निवांत वाचायला किती वेळ लागतो हे समितीने घड्याळ लावून मोजलं (मजकुरात काय आहे हे पाहणं समितीच्या कक्षेत नव्हतं). अठरा मिनिटं लागतात. तुम्ही या ओळीपर्यंत आलात, याचा अर्थ अठरा मिनिटं तुम्हाला कुणी हाक मारली नाही, भूक लागली म्हणून कुणी तुमच्याकडे आलं नाही, पडून रडत कुणी तुमच्या मांडीवर चढलं नाही. घरात मुलं असताना एवढी शांतता आपोआप होत नाही. आतल्या खोलीत कुणीतरी ती धरून बसलेलं असतं. ज्यांना वाचता वाचता चार वेळा उठावं लागलं त्यांची मी इथे मनापासून माफी मागितली असती, पण ते इथवर पोचलेलेच नाहीत.